विलाप कुणाचा, हे आधी सांगा

मराठी परीक्षणांतून ‘गूढ’ हा शब्द पुढची पाचेक वर्षं रजेवर पाठवावा, अशी माझी सूचना आहे. निदान शोकाच्या गाण्याबद्दल लिहिताना तरी. ‘गूढ आर्तता’, ‘अनाम हुरहुर’, ‘शब्दांपलीकडची वेदना’ ही विशेषणं कोणत्याही गाण्याला कोणत्याही मापानं बसतात, आणि म्हणूनच ती काहीच सांगत नाहीत. परक्या भाषेतला, त्यातही एखाद्या कल्पित जगातला विलाप कानावर पडला की आपला सुशिक्षित रसिक डोळे मिटतो आणि म्हणतो, अर्थ कळायची गरजच काय! माझं म्हणणं नेमकं उलटं आहे. गाण्याच्या सगळ्या प्रकारांत विलाप हा सर्वांत कमी गूढ प्रकार आहे. कोण गेलं, मागे कोण उरलं, जाण्यानं कुणाचं काय बुडालं आणि दोष कुणाचा, एवढं सांगायलाच तो जन्माला आला. त्याला गूढ ठरवलं की हे चारही प्रश्न विचारायचे टळतात. पुष्कळांची सोय त्यातच असते.

ज्या कल्पित जगांच्या जोरावर हा गूढवाद उभा आहे, तिथूनच सुरुवात करू. टोल्कीनच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चा पहिला भाग 1954 साली आला. गॅन्डाल्फ मोरियाच्या अंधारात कोसळतो, उरलेले सोबती लोथलोरिएनच्या वनात पोचतात आणि तिथले एल्फ त्या म्हाताऱ्या जादूगारासाठी गात असलेले ऐकू येतात. लेगोलस स्वतः एल्फ आहे, त्याला ते शब्द कळतात, पण तो सोबत्यांना अर्थ सांगत नाही. हा प्रसंग आमच्या गूढवाद्यांचा फार लाडका आहे. ‘बघा, टोल्कीनसुद्धा अनुवाद नाकारतो.’ पण लेगोलसचं कारण नीट वाचावं. या गाण्याला अर्थ नाही किंवा त्याचा अर्थ कोणत्याच भाषेत मावत नाही, असं तो कुठंही म्हणत नाही. आपल्या अंगी ते कसब नाही आणि दुःख अजून फार ताजं आहे, एवढंच त्याचं म्हणणं. हा एका दुभाष्याचा त्या दिवसापुरता नकार आहे, भाषेचा नाही. घरात मयत झालेल्या माणसाला ‘आई काय म्हणून रडत होती?’ असं विचारलं तर तोही गप्प बसेल. त्याच्या गप्प बसण्याला आपण सौंदर्यशास्त्र म्हणत नाही.

आणि टोल्कीन तिथं थांबत नाही. त्यानंतर फ्रोडो आपल्या बोलीत गॅन्डाल्फवर गाणं रचतो. ते ऐकून सॅम, जो पेशानं माळी आहे, म्हणतो की यात दारूकामाबद्दल काहीच नाही, आणि स्वतः एक कडवं जोडतो. हॉबिटांच्या गावाला गॅन्डाल्फ आठवतो तो आकाशात उडवलेल्या बाणांसाठी. जगाचा तारणहार वगैरे तो इतरांचा. गावाचा तो दारूकामवाला. विलापाची रीत त्या पुस्तकात कुणाला खरी कळली असेल तर ती या माळ्याला.

2001 सालच्या चित्रपटात हॉवर्ड शोरच्या संगीतात हा विलाप एलिझाबेथ फ्रेझर गाते. त्याचे शब्द फिलिपा बॉयेन्स यांनी लिहिले आणि डेव्हिड सालो या भाषाअभ्यासकानं ते टोल्कीनच्या एल्फ-भाषांत नेले. म्हणजे ओळ न् ओळ अर्थाची, व्याकरणाची. चित्रगृहांत जी आवृत्ती लागली तीत लेगोलसचा नकार राहिला आणि सॅमचं कडवं गेलं. ते पुढे लांबवलेल्या आवृत्तीत पाहायला मिळालं. गूढता कशी तयार होते याचा इतका सोपा नमुना दुसरा नसेल. अर्थ असलेल्या ओळी अर्थाविना ऐकवायच्या आणि ज्याच्या तोंडी साधी आठवण आहे त्याला कापायचं. उरतं ते गूढ.

तरुण मित्र मला खेळांतली उदाहरणं देतात. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’च्या 2007 सालच्या विस्तारात सिल्व्हानस ही मेलेल्यांची राणी एल्फांच्या भाषेत आपल्या उद्ध्वस्त लोकांसाठी गाते. गाणं सुंदर आहे. पण ती गाते केव्हा? खेळणाऱ्यानं तिचं हरवलेलं गळ्यातलं आणून दिल्यावर. विलापाला कल्पित जगातसुद्धा एक वस्तू लागते. हॅरी पॉटरच्या सहाव्या पुस्तकात (2005) डम्बलडोरच्या मृत्यूनंतर फीनिक्स गातो, त्या गाण्याला मात्र शब्द नाहीत. मान्य. पण तो पक्षी आहे. पक्ष्याचा नियम माणसांच्या विलापाला लावू नये, एवढीच विनंती.

आता आपल्या घरी येऊ. गूढवादाचं मराठी रूप असं: आपल्या परंपरेत मृत्यूचा शोक नाही, सोहळा आहे, समाधी आहे, आनंद आहे, विलापिका ही इंग्रजीतून आलेली गोष्ट. ‘विलापिका’ हा शब्द ‘एलिजी’साठी घडवला म्हणून ती वस्तूही बोटीतून उतरली, असं मानणाऱ्यांनी नामदेवांच्या नावावरचे समाधीचे अभंग पुन्हा वाचावेत. शके 1218, म्हणजे इ.स. 1296. स्थळ आळंदी. ज्ञानदेव समाधीला बसतात आणि निवृत्तीनाथांचा बांध सुटतो. जो गुरू आहे, ज्यानं ज्ञान दिलं, तोच आवरत नाही. आणि त्याच्या दुःखासाठी कवीनं कुठल्या प्रतिमा घेतल्या? फुटलेल्या तळ्याची, सुटून रानभर पांगलेल्या पेंढीची. ज्यानं तळं फुटलेलं पाहिलंय, कापलेलं गवत वाऱ्यावर गेलेलं पाहिलंय, त्याला यात गूढ काही नाही. नुकसान आहे. कार्तिक वद्य त्रयोदशीला आळंदीत नामदेवांच्या घराण्यातले नामदास महाराज आजही कीर्तनात हा प्रसंग उभा करतात आणि समोरची माणसं डोळे पुसतात. सातशेहून अधिक वर्षं ‘सोहळा’ आणि रडणं एकाच मंडपात सुखानं नांदतं आहे. त्यांत भांडण लावलं ते आपण, तत्त्वज्ञानाच्या वर्गात.

विलाप नुसता हळवा असता तर त्याला कुणी घाबरलं नसतं. इ.स. पूर्व सहाव्या शतकाच्या सुमारास सोलोननं अथेन्समध्ये अंत्यविधीतल्या बायकांच्या विलापावर कायद्यानं बंधनं घातली. पुढे प्लेटोनं आपल्या आदर्श नगरातून थोरामोठ्यांचं रडणं काव्यातूनच वगळायला सांगितलं. मार्गारेट अॅलेक्सिउ यांच्या 1974 सालच्या ग्रीक विलापावरच्या ग्रंथानंतर तौलनिक साहित्याच्या विद्यार्थ्याला हे ठाऊक असतं की राज्यसंस्था विलापाला भिते, कारण तो रडता रडता नाव घेतो. महाभारताच्या स्त्रीपर्वातली गांधारी रणांगणावर एकेका प्रेताजवळ थांबते, ओळख सांगते, आणि शेवटी थेट कृष्णाला शाप देते. तिच्या विलापात गूढ शोधणाऱ्याला आरोपपत्र दिसत नाही, की पाहायचं नसतं?

न पाहण्याचं आणखी एक उदाहरण ‘रुदाली’. महाश्वेतादेवींच्या 1979 सालच्या बंगाली कथेतल्या शनिचरीला स्वतःच्या घरातल्या मरणांवर रडायला सवड मिळालेली नाही. सासू, नवरा, मुलगा गेले, आणि दर वेळी खर्चाची, कर्जाची, पोटाची चिंता रडण्याच्या आधी उभी राहिली. पुढे मालकांच्या मयतीला पैसे घेऊन रडणं हाच तिचा धंदा होतो. रडण्याचे दर ठरलेले असतात, छाती पिटण्याचे वेगळे, लोळण घेण्याचे वेगळे. अखेर ती वेश्यावस्तीतल्या बायकांना जमवून या धंद्यात आणते. शोकाचं अर्थशास्त्र इतकं स्वच्छ मांडणारी कथा भारतीय भाषांत विरळा. 1993 सालच्या चित्रपटात कल्पना लाजमींनी ती राजस्थानच्या वाळवंटात नेली, भूपेन हजारिकांचं संगीत दिलं, आणि शेवटी भिखनी ही शनिचरीची आईच निघाली. तो अश्रू एकदाचा ओघळला. संगीत अप्रतिम आहे, त्याबद्दल वाद नाही. पण कथेत जे काम होतं ते चित्रपटात नशीब झालं. वाळवंट, चंद्र, काळी ओढणी. मजुरीचा दर मात्र ऐकू येईनासा झाला.

माझ्या स्वतःच्या धंद्यातही हेच चालतं. मी बोम्मसंद्र्यात राहते, बंगळूरच्या दक्षिण टोकाला, आणि कन्नडमधून मराठीत अनुवाद करते. उत्तर कर्नाटकात मोहरममध्ये रिवायत पदं गातात. विजापूर-कलबुर्गीकडची शेतकरी माणसं, त्यांत मुसलमान आणि हिंदू दोन्ही, इ.स. 680 मधल्या करबलावर कन्नडमध्ये शोक करतात. त्यांतल्या काही पदांचे अनुवाद मी एका संग्रहासाठी दिले होते. संपादकांचा अभिप्राय आला: अनुवाद स्वच्छ आहे, पण फार घरगुती झालाय, मूळची गूढता हरवली. ‘तहान’ऐवजी ‘तृषा’ चालेल का? गाणाऱ्यांची नावं आणि गावं प्रत्येक पदाखाली आल्यानं ओघ तुटतो, ती काढता येतील का? मी दोन्हींना नाही म्हटलं आणि ती पदं त्या संग्रहात आली नाहीत.

या दोन मागण्या एकच आहेत, हे लक्षात घेतलं पाहिजे. गाणाऱ्याचं नाव काढलं की गाणं ‘लोकांचं’ होतं. ‘लोकांचं’ झालं की कुणाचंच राहत नाही. कुणाचंच नसलं की त्यात तृषा घालायला कुणाची हरकत उरत नाही. रिवायत गाणाऱ्यानं फरात नदी पाहिलेली नसते. पण दुष्काळी मुलखातल्या माणसाला पाणी अडवणं म्हणजे काय, हे फरातवर जाऊन शिकावं लागत नाही. करबलाचं दूरचं जग त्यानं आपल्या शिवारात आणलं ते ‘तहान’ या शब्दावर बसून. अनुवादाचं काम त्यानं माझ्या कितीतरी आधी केलेलं आहे. मुहम्मद कुली कुतुबशाहनं दखनीत मर्सिये लिहिले, विजापूरच्या मिर्झानं लिहिले. करबला दख्खनमध्ये आला तोच भाषा बदलत. आणि मी ते मराठीत आणताना संस्कृतची इस्त्री करून त्याला पुन्हा परका करायचा?

याउलट नीट केलेलं काम कसं असतं, तेही सांगायला हवं. हेमा राईरकर आणि गी पॉत्व्हँ यांनी जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या, एक लाखाहून अधिक, हजाराहून अधिक गावांतून. ‘परी’ या संकेतस्थळावर त्या मांडल्या जातात तेव्हा गाणारीचं नाव, गाव, तालुका, वय, जात, व्यवसाय सगळं सोबत असतं. आई गेल्याच्या ओव्या त्यांत आहेत, सवाष्ण मरण मागणाऱ्या आहेत, बाबासाहेबांवरच्याही आहेत. एकही ओवी त्या माहितीमुळं कमी आर्त झालेली नाही. उलट आई गेल्यावर माहेरची वाट बंद झाली, असं एखादी बाई गाते तेव्हा तिचं माहेर कोणतं आणि सासर कोणतं, हे कळल्यावरच त्या वाटेची लांबी कळते.

आता माझ्या बाजूवरचा सर्वांत कठीण आक्षेप. विलाप कोण गातं, कोण वाजवतं हे सांगायचं, तर उत्तर पुष्कळदा जातीत सापडतं, आणि ते सांगणं म्हणजे त्या माणसाला पुन्हा त्याच कामाशी बांधणं नव्हे का? तिरडीपुढची हलगी घ्या. सोलापूर-कोल्हापूरकडे हलगी, बेळगाव-धारवाडकडे हलगे, आमच्याकडं बंगळूरच्या आसपास तमटे, आणि अत्तिबेलेचा नाका ओलांडून होसूरला गेलं की परै. चामड्याची ही सगळी भावंडं मयतीपुढं वाजत आली, आणि ती कुणी वाजवायची हे गावानं ठरवून दिलेलं होतं. महारांवर मयताची खबर गावोगाव पोचवण्याचं, सरणाची लाकडं आणण्याचं काम होतं. आंबेडकरांनी 1928 साली मुंबई कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात बदल करणारं विधेयक मांडलं ते या असल्या सेवांच्या जोखडाविरुद्ध. ती कनिष्ठ वतनं रद्द करणारा कायदा यायला 1958 उजाडलं. मयतीचं वाजवणार नाही, असं म्हणणं हा अनेकांच्या आयुष्यातला पहिला मोकळा श्वास होता. तमिळनाडूत परैबद्दल हाच वाद दोन्ही अंगांनी झाला: काहींनी मयतीला वाजवणं सोडलं, काहींनी तेच वाद्य अभिमानानं मंचावर आणलं. तमटेवादक मुनिवेंकटप्पा यांना 2023 साली पद्मश्री मिळाली, परैवादक वेलू आसान यांना 2025 साली.

यांतलं बरोबर कोण, हे ठरवायचा अधिकार माझा नाही. तो वाजवणाऱ्यांचा आहे. पण एक गोष्ट स्पष्ट दिसते. वाद्य सोडणारे आणि वाद्य मंचावर नेणारे, दोघंही एकाच प्रश्नावर भांडताहेत: कुणी वाजवायचं, कुणाच्या मर्जीनं, किती मोबदल्यात, कोणत्या मानानं. हा प्रश्न ज्याला ऐकूच येत नाही असा तिसरा माणूस म्हणजे आमचा गूढवादी. त्याला हलगीच्या ठेक्यात ‘आदिम मृत्युबोध’ ऐकू येतो. नाव सांगितल्यानं माणूस जातीला बांधला जातो, हा आक्षेप मी गंभीरपणे घेते. पण नाव लपवल्यानं तो सुटत नाही. फक्त त्याला बांधणारे नजरेआड होतात.

तमिळमध्ये ‘परै’ या शब्दाचा एक अर्थ ‘सांगणं’ असाही आहे. शेजारच्या मलयाळममध्ये ‘परयुक’ म्हणजे बोलणं, हे रोजचं क्रियापद. ते वाद्य वाजवणाऱ्यांच्या जातीचं नाव त्या वाद्यावरून पडलं, आणि त्या नावावरून इंग्रजीनं बहिष्कृत माणसासाठी ‘पराया’ असा आपल्याला भासणारा ‘परायाह’ हा शब्द उचलला. सांगणाऱ्याचं नावच वाळीत टाकलेल्याचं नाव झालं. शब्दांच्या इतिहासात याहून कडवट प्रवास मला फारसे माहीत नाहीत.

ज्यांना हे सगळं पुस्तकी वाटतं, त्यांनी कधी आमच्या बोम्मसंद्र्याला यावं. इथं हृदयाचं मोठं इस्पितळ आहे. पश्चिम बंगालहून, बांगलादेशातून इतके रुग्ण येतात की आजूबाजूच्या लॉजवर, खानावळींवर बंगाली पाट्या आहेत. पलीकडं औद्योगिक वसाहत, तिथं बिहार, ओडिशा, उत्तर कर्नाटकातली माणसं. इस्पितळाबाहेर फुटपाथवर एखादी बाई फोनवर बंगालीत हेल काढून रडते तेव्हा रस्त्यावरच्या कुणालाही तिची भाषा येत नाही. पण चहावाला, रिक्षावाला, रांगेतला माणूस, कुणीही डोळे मिटून आस्वाद घेत नाही. ते विचारतात: कोण होतं? कुठून आलात? बरोबर कुणी आहे का? तोडक्यामोडक्या हिंदीत, कन्नड हेलात विचारतात. परक्या भाषेतल्या विलापाला द्यायचा योग्य प्रतिसाद त्या फुटपाथला माहीत आहे. आपल्या मासिकांना, संग्रहांना आणि पुरस्कार समित्यांना तो कळू नये?

म्हणून संपादकांना, प्रकाशकांना आणि माझ्याच जातकुळीच्या अनुवादकांना काही रोखठोक मागण्या. विलापाचा अनुवाद छापायचा तर गाणाऱ्याचं नाव छापा; ते नको असेल तर तसं तिनं किंवा त्यानं सांगितलेलं असावं, संपादकाच्या ओघानं नव्हे. कोण मेलं, ते सांगा. पैसे, धान्य, सक्ती, माया, नातं यांतल्या कशापायी ते गायलं गेलं, ते टिपेत द्या, आणि टीप लांब झाली तर होऊ द्या. तहानेला तहान म्हणा. एखादी ओळ खरोखर कळली नाही तर ‘कळली नाही’ असं लिहा; न कळण्यावर धूप जाळू नका. आणि कल्पित जगातला विलाप मराठीत आणत असाल तर एल्फांची भाषा तशीच देवनागरीत उतरवून हात झटकू नका. कुणीतरी बसून त्या ओळींना अर्थ दिलेला आहे, तो शोधा, आणि माळ्याचं दारूकामाचं कडवं मुळीच गाळू नका.